मदत हवी आहे: मावसबहिणीचं स्टेटस पाहिलं की दिवस नासतो

नमस्कार मंडळी. आम्ही बडोद्यात, दांडिया बाजारात राहतो. सासऱ्यांच्या वेळचं घर, दोन खोल्या आणि गच्ची. तक्रार तशी काही नाही. पण परवा कुकर लावताना कॅनडातल्या मावसबहिणीच्या नव्या स्वयंपाकघराचे फोटो पाहिले आणि शिट्ट्या मोजायच्याच राहिल्या. वरणाचा पार गाळ. वर यांच्यावर चिडले ते वेगळंच.

गंमत म्हणजे लक्ष्मी विलास पॅलेसवरून रोज जाते, त्याचा हेवा कधी वाटला नाही! लेक इथेच सयाजीराव विद्यापीठात मानसशास्त्र शिकते. ती म्हणाली, लिऑन फेस्टिंगर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९५४ मध्येच मांडलंय, माणूस तुलना करतो ती आपल्यासारख्यांशीच. पटलं. मी आणि मावसबहीण एकाच बाकावर बसायचो. पण पटलं म्हणून जळफळाट थोडाच थांबतो?

स्टेटस म्यूट केलं, चौथ्या दिवशी स्वतःच उघडून बघितलं. सुरसागरच्या काठावर बसते तेवढा वेळ बरं वाटतं, घरी आले की परत तेच. तिच्याशी बोलणं तोडायचं नाहीये, जीव आहे तिच्यावर.

यातून कुणी बाहेर पडलंय का? नेमकं काय केलंत? ‘देवाचं नाव घ्या’ सोडून सांगा, ते सासूबाई रोज सांगतात.