एकरी 18 लाख निव्वळ? वजनाची काटापावती दाखवा

रावेरकर: "एका एकर केळीत 18 लाख निव्वळ नफा" ही पोस्ट कालपासून चौथ्यांदा आली. फोटोत हार घातलेला शेतकरी, खाली रोपं बुक करायचा नंबर. अरे, जरा हिशेब तरी जुळवा! पाच बाय पाच फुटांवर लावली तरी एकरात 1742 झाडं बसतात. एकही झाड मेलं नाही, वाऱ्यानं पडलं नाही आणि रास, म्हणजे एका झाडाचा घड, सरासरी 25 किलोची पडली, तर 435 क्विंटल. क्विंटलला दोन हजार भाव धरा, 8 लाख 70 हजार. यातून रोपं, खतं, ठिबक, मजुरी वजा करायचीय अजून. मग 18 लाख निव्वळ आले कुठून?

यावलचा भाऊ: कोणाचं चांगलं झालेलं बघवतच नाही तुम्हाला. जळगावच्या केळीला 2016 मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं ते असं रडत बसून का? थोडं वाढवून सांगावंच लागतं भो. खरं सांगितलं तर शेतकऱ्याच्या पोराला मुलगी कोण देतं?

चोपड्याची लेक: लग्नाचं सोडा. माझ्या मावसभावानं अशीच एक पोस्ट वाचून कर्ज काढलं, रोपं घेतली. सीएमव्ही, म्हणजे केळीचा विषाणूरोग, आला. पानं पिवळी पट्टेदार, पोंगा (मधलं कोवळं पान) सडलेला; बाग उपटून बांधावर टाकली. रोपवाल्यानं फोन उचलणं बंद केलं. पोस्ट मात्र अजून तशीच फिरतेय.

कांदेबागवाला: खरी फेकाफेक बघायची तर भावाची बघा! बोर्डावर एक भाव, बांधावर दुसरा. माल कापून झाला की व्यापारी म्हणतो, "दादा, माल बारीक निघाला, क्विंटलला 300 कमी." कापलेली केळी काय परत झाडाला लावू?

यावलचा भाऊ: कांदेबागेचा, म्हणजे पावसाळ्यानंतर लावलेल्या केळीचा, माल बारीकच असतो.

कांदेबागवाला: माझ्या बागेत पाय ठेवलाय कधी? का तुम्हीच भावात कटती लावणारे?

यावलचा भाऊ: तोंड सांभाळून. चार पिढ्यांची शेती आहे आमची.

रावेरकर: विषय भावाचा नाही. रोपवाल्यानं काटापावत्या टाकाव्यात, मी माझी ही पोस्ट काढून टाकतो.

यावलचा भाऊ: ठीक आहे, 8.70 चं 18 वाचलं असेल त्यानं. चष्म्याचा नंबर वाढला असेल बिचाऱ्याचा. पण रोपं चांगली आहेत, माझ्याकडे पण तीच आहेत.

चोपड्याची लेक: मग तुमच्याच पावत्या टाका ना भाऊ.

कांदेबागवाला: ते टाकतील तेव्हा टाकतील. आज बुऱ्हाणपूरच्या बाजारात केळीला काय भाव निघाला, कोणी सांगेल का?