हॅरी व्हॉन झेल: निवेदक म्हणून त्याला ऐकायचं तर नेमकं काय ऐकावं?

आकाशवेल:

जुन्या अमेरिकन रेडिओवरच्या निवेदकांवर लेखमाला लिहितो आहे. त्यात हॅरी व्हॉन झेलवर एक पूर्ण लेख हवा आहे. ढोबळ चौकट हाताशी आहे. जन्म ११ जुलै १९०६, इंडियानापोलिस. १९३० च्या सुमारास न्यूयॉर्कला सीबीएस या रेडिओ जाळ्यावर दाखल, मग विनोदवीर फ्रेड ॲलनचा कार्यक्रम, मग एडी कँटरचा, १९५१ पासून टीव्हीवर जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन या जोडप्याची मालिका. मृत्यू २१ नोव्हेंबर १९८१.

पण जिथे पाहावं तिथे दोनच गोष्टी सापडतात. एक म्हणजे राष्ट्राध्यक्ष हर्बर्ट हूवर यांचं नाव घेताना तो 'हूबर्ट हीवर' म्हणाला ते, आणि दुसरी म्हणजे टीव्हीवरचा तो भाबडा, घाबरट हॅरी. माणूस पन्नास वर्षं माइकसमोर होता, त्याचं काम एवढ्यावर कसं संपेल?

तर विचारायचंय ते असं. हूवरचा किस्सा लिहावा इतका पक्का आहे का? कँटरच्या एकाच कार्यक्रमाच्या दोन प्रती मिळाल्या, एकीत व्हॉन झेल भरपूर आहे आणि दुसरीत जेमतेम, असं का? आणि एका प्रतीत त्याचा आवाज चक्क पातळ लागतो, तो खरा कुठला मानायचा?

खर्ज:

हूवरपासून सुरुवात करतो, कारण तिथे सगळेच घसरतात.

चूक झाली हे खरं. पण जी ध्वनिफीत सगळीकडे वाजते ती मूळ प्रक्षेपणाची नाही. रेडिओवरच्या चुकांच्या तबकड्या काढणाऱ्या कर्मिट शेफर यांनी ती नंतर नव्याने करून घेतली. त्यात असा आभास होतो की राष्ट्राध्यक्ष शेजारी उभे आहेत आणि निवेदक त्यांची ओळख करून देताना अडखळतो. प्रत्यक्षात तो हूवर यांच्या वाढदिवसानिमित्तचा, त्यांच्या कारकिर्दीवरचा लांबलचक कार्यक्रम होता. हूवर स्वतः स्टुडिओत नव्हते. व्हॉन झेलने त्यांचं नाव त्याआधी कितीतरी वेळा नीट घेतलं होतं, जीभ घसरली ती अगदी शेवटी. तेव्हा लेखात किस्सा जरूर घ्या, पण ती फीत पुरावा म्हणून जोडू नका.

त्याहून महत्त्वाचं म्हणजे या चुकीने त्याचं काही बिघडलं नाही. सीबीएसवर 'द मार्च ऑफ टाइम' ६ मार्च १९३१ ला सुरू झाला. बातम्यांतले प्रसंग नट वठवत आणि निवेदक दोन प्रसंगांमधला दुवा सांधत असे. टेड हसिंगनंतर ते काम व्हॉन झेलकडे आलं, आणि पुढे वेस्टब्रुक व्हॅन व्होर्हिसकडे गेलं. आज त्या कार्यक्रमाचं नाव निघालं की लोकांना व्हॅन व्होर्हिसचा घनगंभीर आवाज आठवतो, त्यामुळे व्हॉन झेलचा हा काळ झाकोळून गेला आहे. लेखात याला जागा द्याच. ज्याला पुढे सगळे विनोदी म्हणून ओळखू लागले, त्याची उमेदवारी गंभीर निवेदनात झाली होती आणि त्याचा पाया तिथे आहे.

आता प्रायोजकाचा धागा धरा, म्हणजे तीसच्या दशकातल्या त्याच्या सगळ्या उड्या एका ओळीत लागतील. त्या काळी कार्यक्रमाची मालकी व्यवहारात प्रायोजकाची आणि त्याच्या जाहिरात संस्थेची असे. निवेदक हा प्रायोजकाचा आवाज. फ्रेड ॲलनचा 'टाउन हॉल टुनाइट' ब्रिस्टल-मायर्सचा होता, माल म्हणजे इपाना टूथपेस्ट आणि सॅल हेपॅटिका हे रेचक. १९४० च्या शरद ऋतूत ॲलन टेक्साकोकडे गेला आणि ब्रिस्टल-मायर्सने ऑक्टोबरमध्ये एडी कँटरचा 'टाइम टू स्माइल' सुरू केला. व्हॉन झेल ॲलनबरोबर गेला नाही, इपानाबरोबर राहिला. चरित्रांमध्ये हे 'ॲलनला सोडलं' अशा थाटात येतं, ते दिशाभूल करणारं आहे.

सोळा इंची:

दोन प्रतींचं कोडं सोपं आहे. तुमच्याकडची दुसरी प्रत बहुधा एएफआरएसची, म्हणजे सैन्यासाठीच्या अमेरिकन रेडिओ सेवेची आहे. दुसऱ्या महायुद्धात ही सेवा लोकप्रिय कार्यक्रम तबकड्यांवर छापून जगभरच्या तळांवर पाठवायची. पाठवण्याआधी जाहिराती काढून टाकायची, शिवाय बहुतेक वेळा कार्यक्रमाच्या नावातून प्रायोजकही गाळायची. नटाचं यात फारसं जात नाही. निवेदकाचं मात्र अर्धं काम जातं. कँटरच्या कार्यक्रमात व्हॉन झेल सुरुवातीचा पुकारा करतो, मधल्या नाटुकल्यांत पात्र होतो आणि दोन-तीन ठिकाणी माल विकतो. एएफआरएसच्या प्रतीत यातला फक्त मधला तुकडा उरतो. मग ऐकणाऱ्याला वाटतं की हा कँटरचा हसतमुख जोडीदार होता, बाकी काही नाही.

प्रत ओळखायची कशी? लांबी बघा. कँटरचा कार्यक्रम व्हायचा त्या एनबीसी या रेडिओ जाळ्याचा पूर्ण अर्धा तास साधारण २९ मिनिटं ३० सेकंदांचा असतो आणि शेवटी तीन सुरांची घंटा वाजते. एएफआरएसच्या प्रतीत घंटा नसते. जाहिरातींची जागा भरायला शेवटी वाद्यवृंद नुसताच वाजत राहतो, किंवा मध्येच दुसऱ्या कुठल्या कार्यक्रमातलं गाणं चिकटवलेलं असतं. पहिलाच आवाज अनोळखी निवेदकाचा आणि त्यात सैन्याच्या सेवेचं नाव, अशी सुरुवात असेल तर प्रश्नच मिटला. पण फसगत इथे होते: काही संग्राहकांनी हा सुरुवातीचा भाग कापून फाइल 'पूर्ण' म्हणून चढवलेली असते. म्हणून सुरुवातीपेक्षा शेवट तपासा.

हौशी लोक एएफआरएसच्या प्रती आधी उचलतात, कारण त्या स्वच्छ असतात. त्या कारखान्यात छापलेल्या व्हिनाइलच्या. जाहिरातींसकट जे उरलं आहे ते बहुतेक लॅकरच्या थराच्या एकेकट्या तबकड्यांवर, आणि युद्धकाळात ॲल्युमिनियमचा तुटवडा पडल्यावर तो थर काचेवर दिला जायचा. काच पडली की संपलं. ॲल्युमिनियमवरचा थरसुद्धा वाळून आक्रसतो आणि पापुद्र्यासारखा सुटतो. म्हणजे कार्यक्रमाचं निवेदन जितकं पूर्ण, तितकी प्रत खरखरीत असण्याची शक्यता जास्त. तुमच्या लेखासाठी खरखरीतच घ्या.

आता पातळ आवाज. ही तबकडी १६ इंची, मिनिटाला ३३⅓ फेरे, एका बाजूला जेमतेम १५ मिनिटं. म्हणजे अर्ध्या तासाला दोन बाजू. वाजवणाऱ्या यंत्राचा वेग किंचित जास्त असला, किंवा मधल्या कुठल्या टेपच्या पिढीत फरक पडला, की आवाज वर चढतो. तपासायला एनबीसीची घंटाच वापरा. तिचे सूर ठरलेले आहेत: १९६, ३२९.६ आणि २६१.६ हर्ट्झ. शेवटचा सूर सर्वांत निवांत विरतो, तो मोजा. समजा तो २६९.४ भरला, तर फीत ३ टक्के वेगात आहे, म्हणजे जवळजवळ पाव स्वराने चढी. ऑडॅसिटी या ध्वनिसंपादनाच्या सॉफ्टवेअरमध्ये २६१.६ भागिले २६९.४, म्हणजे ०.९७१ या पटीने 'चेंज स्पीड अँड पिच' करा. 'चेंज पिच' किंवा 'चेंज टेम्पो' नको, त्याने सूर आणि वेग यांपैकी एकच सुधारतो आणि दुसरा बिघडलेलाच राहतो.

दोन बाजूंचा वेग वेगळा असू शकतो. घंटा दुसऱ्या बाजूला असते, म्हणून तीच पट पहिल्या १५ मिनिटांना डोळे झाकून लावू नका. तिथे पार्श्वभूमीतली विजेची घरघर बघा. अमेरिकेत ती ६० हर्ट्झची आणि तिच्या दुप्पट १२० ची. फक्त ती घरघर मूळ मुद्रणातली आहे की नंतर प्रत काढताना शिरली हे ठरवावं लागतं. तबकडी सुरू होण्याआधीच्या शांत भागातही ती तेवढीच ऐकू येत असेल तर ती नंतरची, तिचा उपयोग नाही.

आकाशवेल:

हे फारच कामाचं. घंटा मोजली, प्रत खरंच चढी निघाली. एक पुढचा प्रश्न: जाहिरात ऐकायची म्हणजे त्यात निवेदकाचं कसब कुठे शोधायचं? लिहिलेलंच तर वाचत असणार.

खर्ज:

लिहिलेलंच वाचतो, पण घड्याळ त्याच्या हातात नसतं. प्रक्षेपण थेट, समोर प्रेक्षक, आणि हशा किती लांबेल ते कुणालाच ठाऊक नाही. फ्रेड ॲलन तर वेळ ओलांडण्यासाठी प्रसिद्धच, त्यावरून त्याचं एनबीसीशी वाजायचं. विनोदवीराने १५ सेकंद जास्त खाल्ले की ते शेवटच्या जाहिरातीतून वसूल व्हायचे. मिनिटाच्या जाहिरातीत साधारण १५० शब्द. ते ४५ सेकंदांत बसवायचे तर नुसतं भरभर वाचून चालत नाही, व्यंजनं एकमेकांवर आदळतात आणि मालाचं नावच गिळलं जातं. जाणता निवेदक वेग वाढवतो तो जोडवाक्यांत, आणि नावाशी येऊन पुन्हा सावकाश होतो. व्हॉन झेलची शेवटची जाहिरात ऐकताना 'इपाना' हा शब्द किती वेळ घेतो आणि त्याच्या आगेमागे काय होतं ते बघा. तो शब्द कधी आखडत नाही.

दुसरं म्हणजे सांधा. नाटुकल्यात तो कँटरच्या कोटीवर मोकळेपणी हसतो, त्याचं ते गडगडाटी हसू हाच त्या कार्यक्रमाचा एक आवाज झाला होता. आणि त्याच श्वासात जाहिरात सुरू होते. त्या काळचे रिबन माइक समोरून आणि मागून ऐकायचे, बाजूने जवळपास बहिरे. दोन माणसं समोरासमोर, मध्ये माइक, अशी रचना त्यामुळेच. या माइकचा गुण असा की तोंड जवळ नेलं की खालचे सूर फुगतात. नाटुकलं थोडं लांबून, जाहिरात जवळून, म्हणून त्या एका क्षणात आवाज भरदार आणि खासगी होतो. इअरफोन लावून ऐका, पाऊल पुढे पडल्याचं कळतं.

ॲलनचा कार्यक्रम रात्री नऊला पूर्वेसाठी झाला की मध्यरात्री पश्चिम किनाऱ्यासाठी तोच पुन्हा थेट व्हायचा. दोन्ही प्रती हाती लागल्या तर शेजारी शेजारी ठेवा. संहिता एकच, पण सांधे वेगळे बसतात.

दुसरं रीळ:

रेडिओवाल्यांनी सगळं सांगितलं, पण पडद्यावरच्या कामाला कुणी हात लावला नाही, आणि चरित्र अभिनेता म्हणून त्याची तोलामोलाची कामं तिथेच आहेत.

१९४६ पासून तो चित्रपटांत नियमित दिसतो. त्याच सुमारास कोलंबियासाठी दोन रिळांचे विनोदी लघुपट झाले, १९५० पर्यंत, त्यात तो प्रमुख भूमिकेत. ते आपटाआपटीच्या धाटणीचे, त्याच्या अंगाला न बसणारे. माझ्या मते त्यांवर फार वेळ घालवू नका. 'द सॅक्सन चार्म' (१९४८), 'टू फ्लॅग्ज वेस्ट' (१९५०) आणि बॉब होपचा 'सन ऑफ पेलफेस' (१९५२) हे तीन लागोपाठ बघा. तिन्हींत दुय्यम भूमिका, पण बाज वेगवेगळा.

'द स्मिथ्स ऑफ हॉलिवूड' ही रेडिओ मालिका सुटू देऊ नका. १९४६-४७ ची, आधीच मुद्रित करून स्थानकांना विकलेली, आणि तिच्यात व्हॉन झेल कुटुंबप्रमुख बिल स्मिथ, पत्नीच्या भूमिकेत ब्रेंडा मार्शल. निवेदकाचं ओझं नसताना तो संवाद कसा बोलतो ते ऐकायला दुसरी इतकी चांगली जागा नाही.

बर्न्स-ॲलनकडे वळताना दोन खबरदाऱ्या. ती मालिका १२ ऑक्टोबर १९५० ला सुरू झाली तेव्हा निवेदक बिल गुडविन होता. तो १९५१ मध्ये स्वतःच्या कार्यक्रमासाठी गेल्यावर व्हॉन झेल आला. म्हणजे पहिल्या हंगामातले भाग बघून त्याच्यावर लिहू नका. आणि कथेत हॅरी दोन आहेत, शेजारी हॅरी मॉर्टन हा वेगळा. भागांच्या सारांशांत नुसतं 'हॅरी' असतं, तिथे हमखास घोटाळा होतो.

गुडविन स्वतःच्याच नावाने रंगेल माणूस उभा करायचा. व्हॉन झेलनेही नाव स्वतःचंच ठेवलं, पण पात्र उलटं केलं: ग्रेसीच्या कारस्थानात ओढला जाणारा, खोटं न पचणारा, आणि जॉर्जकडून सतत नोकरीवरून काढला जाणारा. हे जमतं ते आवाजामुळे. इतका विश्वासू, भरघोस आवाज आणि त्यातून निघणारी त-त-प-प. 'मार्च ऑफ टाइम'चं वजन त्या आवाजात नसतं तर ती घाबरगुंडी एवढी हसवती ना.

आणि सोळा इंचींनी एएफआरएसचं सांगितलं, तेच इथेही झालं आहे. कार्नेशनच्या आटवलेल्या दुधाची जाहिरात कथेतच विणलेली असायची. हॅरी स्वयंपाकघरात येतो, ग्रेसीशी गप्पा मारता मारता डबा हातात घेतो आणि विषय दुधावर जातो. दुसरा प्रायोजक टायर बनवणारी बी. एफ. गुडरिच. पुढे हे भाग इतर स्थानकांना विकताना हे प्रवेश कापले गेले, म्हणून आज सहज मिळणाऱ्या प्रतींत हॅरी दारातून आत येतो आणि काही न करता निघून गेल्यासारखा वाटतो. तो प्रवेश अर्धवट वाटला की समजा, पुढची दीड-दोन मिनिटं गेली आहेत. प्रायोजकाचं नाव सुरुवातीच्या आणि शेवटच्या पाट्यांवर शाबूत असेल अशी प्रत शोधा.

हशाबद्दलही लिहाल तर नीट लिहा. १९५२ च्या शरद ऋतूपासून मालिका फिल्मवर चित्रित होऊ लागली, तेव्हा सेटवर प्रेक्षक नसत. तयार भाग प्रेक्षकांना दाखवून त्यांचं हसणं मुद्रित केलं जाई. त्यामुळे त्या भागांत व्हॉन झेल हशासाठी जो थांबा घेतो तो अंदाजाने घेतलेला आहे. कँटरच्या कार्यक्रमात तो खऱ्या हशासाठी थांबतो. दोन्हीकडचे थांबे घड्याळ लावून मोजता येतात.

सोळा इंची:

एक भर. शोधताना त्याचं आडनाव 'व्ही' आणि 'झेड' अशा दोन्ही अक्षरांखाली बघा, जुन्या याद्यांत दोन्हीकडे नोंदी आहेत. आणि एएफआरएसची प्रत मिळाली म्हणून टाकून देऊ नका. मूळ प्रक्षेपणाची पहिली बाजू शाबूत आणि दुसरी फुटलेली, असं वारंवार होतं. अशा वेळी नाटुकल्याचा भाग एएफआरएसमधून आणि जाहिराती मूळ तबकडीतून, अशी जोड देता येते. आधी दोन्हींचा वेग जुळवा, मग जोडा. उलट क्रमाने केलंत तर सांध्यावर व्हॉन झेलचा आवाज दोन माणसांचा वाटेल.