आवाजाआधीच्या कार्टूनमध्ये विनोद नव्हता म्हणे!

शाईदौत: "मूकपटांच्या काळातली कार्टून म्हणजे नुसता सराव, खरा विनोद 1928च्या 'स्टीमबोट विली' या मिकी माउसच्या बोलक्या कार्टूनपासून" असं काल इथे कुणीतरी ठोकून दिलंय. डोकंच फिरलं. फेलिक्स मांजर नीट बघा हो! 1923च्या 'फेलिक्स इन हॉलिवुड'मध्ये तो शेपटी काढून तिची काठी करतो आणि हुबेहूब चॅप्लिन चालतो. तेवढ्यात खुद्द चॅप्लिन येऊन चोरी पकडतो. शेपटी ही शाईची रेघ, आणि रेघेचं काहीही होऊ शकतं. ही गंमत संवादांनी साधून दाखवा.

रीळवाला: लिहिणारा मीच. रेघेची वस्तू झाली की पहिल्यांदा मजा येते, नंतर तेच तेच. आणि मूक मूक काय करताय? फेलिक्सच्या तोंडातून संवादाचे फुगे निघतातच की. भाचीला दाखवलं, ती अर्ध्यातून उठून गेली.

कागदकाम: भरधाव पळणारी, वर ढॅणढॅण संगीत चिकटवलेली प्रत दाखवली असेल. 1914 साली व्यंगचित्रकार विन्सर मॅके स्वतःच्या कार्टूनशेजारी रंगमंचावर चाबूक घेऊन उभा राहायचा. सफरचंद फेकल्यासारखं करून हातात लपवायचा, आणि त्याच क्षणी पडद्यावर गर्टी डायनोसॉर ते मटकावायची. क्षण चुकला की हसू गेलं. आणि दोघं फेलिक्स फेलिक्स करताय, त्याला काढणाऱ्या ओटो मेसमरचं नाव एकानेही घेतलं नाही! श्रेयाच्या पाटीवर सगळीकडे पॅट सलिव्हन.

रीळवाला: स्टुडिओ त्याचा, पैसा त्याचा. नाव मालकाचंच लागणार.

कागदकाम: हे मला सांगू नका. एका जाहिरातीतलं माकड मी काढलं होतं, त्याची नजर, उडी, खाजवणं, सगळं माझं. बक्षीस घ्यायला मालक गेले, मी ऑफिसात दुसऱ्या कामाच्या फ्रेमा पुसत बसले होते. माझं नाव कुणी उच्चारलंही नाही.

शाईदौत: वाईट झालं, पण मूळ मुद्दा विनोदाचा आहे.

कागदकाम: हाच मूळ मुद्दा आहे! मेसमरने आधी चॅप्लिनची कार्टून केली होती. ती चाल, ते थबकणं तिथून फेलिक्समध्ये आलं. विनोद माणसाच्या हातातून येतो, गल्ल्यातून नाही.

रीळवाला: सलिव्हनच्या स्टुडिओत 1917 सालीच 'द टेल ऑफ थॉमस कॅट' झालं होतं. त्याच्या मायदेशातले, ऑस्ट्रेलियातले चाहते 'फेलिक्स मूळ सलिव्हनचाच' म्हणत त्यावरूनच भांडतात.

कागदकाम: भांडू देत. थॉमसची चाल आज कुणाला आठवते?

रीळवाला: बरं बाई, चाल मेसमरची. पण आवाज आल्यावर फेलिक्स मागे पडला, हे तरी मान्य कराल?

शाईदौत: पडला, कारण आवाजाकडे वळायला सलिव्हनने टाळाटाळ केली. त्यावरून आधीच्या चित्रांत विनोद नव्हता हे कसं ठरतं?

रीळवाला: 'नुसता सराव' हे शब्द मागे घेतो. पाटीवर मालकाचं नाव असण्यात मात्र मला अजूनही गैर दिसत नाही.

कागदकाम: असू दे की. त्याखाली दुसरं नाव लिहायला कुणी हात धरला होता?