पाव्ले वुइसिच : हा सर्बियन नट कोण?

पेठेतला_प्रेक्षक
आमच्या फिल्म क्लबात 'को तो तामो पेवा' (१९८०) पाहिला. ५ एप्रिल १९४१, एक खटारा बस बेलग्रेडला निघालीये. तिच्यातला तो गुरगुरणारा कंडक्टर डोक्यातून जात नाही. नाव पाव्ले वुइसिच. मूळचा नाटकातला का? याचं अजून काय बघावं?

डबलबेल_स्वारगेट
नाटकातला कसला! अभिनयाच्या शाळेत त्याला घेतलंच नव्हतं. जन्म १९२६, बेलग्रेड. थोडा कायदा, थोडं साहित्य, दोन्ही अर्धवट. मग रेडिओ बेलग्रेडवर पत्रकारी. १९५० मध्ये एका चित्रपटात गर्दीत उभा राहिला आणि तिथून जो सिनेमात शिरला तो १९८८ ला जाईपर्यंत.

मी एसटीत कंडक्टरकी केलेली, त्यामुळे पडद्यावरचे कंडक्टर मला बघवत नाहीत. पेटी गळ्यात अडकवली की झालं, असं नटांना वाटतं. हा गडी आधी उतारूच्या खिशाकडे बघतो, मग तोंडाकडे. गाडी स्वतःची, ड्रायव्हर पोटचा पोरगा, मागे डुकरं भरलेली. कुणी कुरकुरलं की याचाच आवाज वर! त्यात पोराच्या डोळ्यांवर पट्टी बांधून गाडी हाकायला लावतो. आमच्या डेपोत दोघंही सस्पेंड झाले असते. पण वुइसिच हे करताना जरासुद्धा विनोदी होत नाही. धंद्यातला माणूस हुशारी दाखवताना जसा गंभीर असतो तसा असतो, म्हणून हसू येतं. आम्ही डबल बेल द्यायचो, हा 'वोझी, मिश्को!' म्हणतो, म्हणजे हाण रे मिश्को. तिकडे ते अजून लोकांच्या तोंडी आहे.

रीळ_नंबर_तीन
दिग्दर्शक एमिर कुस्तुरिकाच्या पहिल्या दोन्ही चित्रपटांत आहे तो. दुसऱ्याला १९८५ मध्ये कान्स महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, पाल्म द'ओर, मिळालं. भूमिका छोट्या आहेत, त्यामुळे तिथून सुरुवात करू नका.

डबलबेल_स्वारगेट
बरोबर. आधी 'कामियोंजिये' शोधा, सत्तरच्या दशकातली ट्रकवाल्यांची मालिका. जोडीला च्काल्या, तिकडचा लाडका विनोदवीर. तो बडबडतो आणि वुइसिच नुसता वैतागतो. माझं मत विचाराल तर वैतागावं कसं हे त्याच्याकडूनच शिकावं.

आणि गंमत बघा, शाळेनं नाकारलेल्या या माणसाच्या नावानं १९९४ पासून चित्रपट-अभिनयातल्या आयुष्यभराच्या कामाचा पुरस्कार देतात, निश शहरातल्या नटांच्या महोत्सवात. त्याला स्वतःला म्हणे समारंभांपेक्षा नदी आणि होडी प्यारी.

पेठेतला_प्रेक्षक
धन्यवाद काका! रविवारी परत लावतोय.

डबलबेल_स्वारगेट
लावा. आणि त्या डुकरांचं लगेज तिकीट फाडलं होतं का, तेवढं नीट बघून सांगा.