कुस्तीच्या जुन्या गेममध्ये पैलवानांचे पोशाख कसे बदलावेत?

प्रश्न (दारव्हा तालुका):
२००३ साली प्लेस्टेशन २ वर आलेला ‘हिअर कम्स द पेन’ मी पीसीएसएक्स२ या एम्युलेटरवर, म्हणजे प्लेस्टेशन २ चे गेम संगणकावर चालवणाऱ्या प्रोग्रामवर, खेळतो. कापसाची वेचणी आटोपली की गावातील मुले आजही याच गेमसाठी आमच्या ओसरीवर जमतात. त्यातील पोशाख बदलायचे असल्यास सुरुवात कुठून करावी?

उत्तर (आर्वी):
भाऊ, एम्युलेटरच्या ग्राफिक्स सेटिंगमध्ये टेक्स्चर डम्पचा (गेममधील वस्तूंवर चढवलेल्या प्रतिमा, म्हणजे टेक्स्चर्स, साठवून घेण्याचा) पर्याय सुरू करून एक सामना खेळा, म्हणजे पडद्यावर आलेल्या प्रतिमा लांबलचक सांकेतिक नावांनी साठवल्या जातील. त्यांतून पोशाखाची प्रतिमा शोधून रंगवा आणि नावातले एक अक्षरही न बदलता ती ‘रिप्लेसमेंट्स’ फोल्डरमध्ये ठेवा, कारण एम्युलेटर तिला त्या नावावरूनच ओळखतो. त्यानंतर बदललेली टेक्स्चर्स लोड करण्याचा पर्यायही सुरू करावा लागतो. मूळ गेमच्या फाइलला यात धक्का लागत नाही, म्हणून मला हीच पद्धत सर्वांत आवडते.

उत्तर (हिंगणघाट):
यात केवळ रूप बदलते. पैलवानांचे डाव गेमच्या मूळ फाइलमध्ये असतात. ते बदलण्यासाठी वेगळी साधने लागतात आणि त्याआधी मूळ फाइलची प्रत काढून ठेवणे आवश्यक आहे. लॅपटॉप जुना असल्यास प्रतिमा फार मोठ्या करू नका.

प्रश्नकर्ता:
मनःपूर्वक आभार, दादा. आधी एकाच पैलवानाचा पोशाख रंगवून पाहतो.