ओमित्सु त्यागमूर्ती की संतापलेली बाई?

गवती चहा : दिग्दर्शक मिकिओ नारुसेचा 'योगोतो नो युमे' (१९३३) पाहिला. तासाभराचा जपानी मूकपट. बंदरावरच्या बारमध्ये खलाशांना दारू पाजून ओमित्सु लहानग्या फुमिओला वाढवते. सोडून गेलेला नवरा परत येतो, पण त्याला काम मिळत नाही. पोराला मोटार उडवते. औषधपाण्यासाठी नवरा चोरी करतो, ती पैसे घेत नाही, तो पाण्यात जीव देतो. (शेवट फोडला, पण नव्वद वर्षांनी कसलं रहस्य!)
याला 'आईचा त्याग' म्हणणं मला पटत नाही. नवऱ्याची शेवटची चिठ्ठी ती छातीशी धरत नाही, दातांनी फाडते. भेकड म्हणते त्याला.

निशाचर : साफ असहमत. चिडली म्हणजे त्याग नाही? त्या बारमध्ये रोज रात्री हौसेने जाते का ती? पोरासाठी कप्तानापुढे हात पसरायचीही तिची तयारी आहे.

गवती चहा : तयारी आहे, पण देवी होऊन नाही. ओमित्सु झालेली सुमिको कुरिशिमा तेव्हाची केवढी मोठी तारका, पण चेहऱ्यावर वैताग स्वच्छ दिसतो.

आंबटगोड : मला तर नवऱ्याची कीव आली. मंदीचा काळ, त्यात त्याची अंगकाठी बघूनच कारखान्यातून वाटेला लावतात. पोरांबरोबर बेसबॉल खेळतो तेवढाच काय तो सुखी. आणि ही शेवटी पोराला सांगते, बापासारखा दुबळा होऊ नकोस! निर्दयपणा आहे हा.

निशाचर : मंदी सगळ्यांनाच होती की. ती बारमध्ये राबत होती तेव्हा हे महाशय कुठे होते?

आंबटगोड : बरं, मग चोरी कुणासाठी केली त्याने?

जुनी रिळं : दोघंही जरा थांबा. आपण हा 'मूक' पाहतो, तेव्हाच्या प्रेक्षकांनी तसा पाहिला नाही. थिएटरात पडद्याशेजारी बेन्शी असायचा, सगळ्या पात्रांचे संवाद तोच म्हणायचा. एखाद्याने चिठ्ठीच्या प्रसंगात गळा काढला असेल, तर त्या गावात ओमित्सु त्यागमूर्तीच ठरली असणार.

गवती चहा : हे मान्य. पण नारुसेचा कॅमेरा सारखा झपकन चेहऱ्यांपाशी जातो त्याचं काय? आणि बेन्शीने कितीही गळा काढला, तरी ते दात कसे झाकणार?