पॉयझनिंगमध्ये (विषबाधेत) हेतू स्पष्ट नसेल तर कोडचं सहावं कॅरॅक्टर १ की ४?

चार्टरीडर
अमेरिकेतला इनपेशंट चार्ट आहे, आयसीडी-१०-सीएम (आजार-इजांच्या कोडची अमेरिकी यादी). अ‍ॅसिटामिनोफेनचा (म्हणजे आपल्याकडचं पॅरासिटामॉल) ओव्हरडोस. ईडीच्या (इमर्जन्सी विभागाच्या) नोंदीत 'इन्टेन्ट अनक्लिअर'. सायकियाट्री कन्सल्टमध्ये 'पेशंट आत्महत्येचा विचार नाकारते, दाढदुखीसाठी गोळ्या घेतल्याचं सांगते'. डिस्चार्ज समरीत मात्र नुसतं 'अ‍ॅसिटामिनोफेन ओव्हरडोस'. टीममध्ये निम्मे टी३९.१एक्स१ए (अपघाती) म्हणतात, निम्मे टी३९.१एक्स४ए (हेतू अनिश्चित). शिवाय बाह्य कारणाचा वाय कोड वेगळा लावायचा का?

ऑडिटडेस्क
आहे त्या नोंदीवर ४ बसत नाही. हेतू लिहिलेला नसणं आणि हेतू ठरवता न येणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हेतूबद्दल काहीच नसेल तर गाइडलाइन अपघाती धरायला सांगते, म्हणजे १. डॉक्टरांनी 'हेतू ठरवता येत नाही' असं स्पष्ट लिहिलं असेल तरच ४. ईडीचं 'अनक्लिअर' हे त्या तासापुरतं आहे. तेव्हा सायकियाट्रीने पेशंटला पाहिलेलंही नव्हतं. पुढच्या नोंदी वेगळं सांगत असताना त्या एका शब्दावर कोड उभा करू नका.

अनुभवी लोक इथे का अडखळतात तेही सांगते. आयसीडी-९-सीएममध्ये नियम उलटा होता: हेतू माहीत नसला किंवा नुसता संशय असला तरी ई९८०–ई९८९, म्हणजे अनिश्चित हेतूचे कोड. १ ऑक्टोबर २०१५ ला आयसीडी-१०-सीएम लागू झालं आणि डीफॉल्ट अपघाती झालं. जुना हात अजून जुन्या वाटेने जातो.

वाय कोड नको. टी३६ ते टी६५ मध्ये हेतू कोडमध्येच असतो. पॉयझनिंगचा कोड आधी, यकृताची इजा वगैरे त्यानंतर. आणि कुणी ५ सुचवलं तर थांबवा. ५ म्हणजे औषध सांगितल्याप्रमाणे घेऊन झालेला दुष्परिणाम. दाढदुखीसाठी ठरल्यापेक्षा जास्त गोळ्या घेणं हे पॉयझनिंगच.

चार्टरीडर
मग सरळ १ लावून चार्ट बंद करू?

ऑडिटडेस्क
नाही, आधी अटेंडिंगला (पेशंटची जबाबदारी असलेल्या डॉक्टरांना) क्वेरी, म्हणजे लेखी विचारणा. ईडी आणि कन्सल्ट यांचा मेळ नाही आणि समरी गप्प आहे. क्वेरीत दोन्ही नोंदी तारखेसह जशाच्या तशा उतरवा आणि पर्याय द्या: चुकून जास्त डोस, स्वतःला इजा करण्याच्या हेतूने, दुसऱ्याने दिलं, तपासूनही हेतू ठरवता आला नाही, इतर. 'हे अपघाती होतं ना?' असं विचारलं तर ती लीडिंग (उत्तर सुचवणारी) क्वेरी होते आणि ऑडिटमध्ये टिकत नाही. पेमेंटचा उल्लेख तर अजिबात नको. तुमच्याकडच्या मुदतीत उत्तर आलं नाही तर १, आणि क्वेरी पाठवल्याची नोंद ठेवा.

हेच पडण्याच्या केसला. 'इमारतीवरून पडून आणलं' एवढंच असेल तर डब्ल्यू१३.९एक्सएक्सए. 'पडला, उडी मारली की ढकललं हे ठरवता येत नाही' असं लिहिलं असेल तरच वाय३०.एक्सएक्सएक्सए. तिथे जखमेचा कोड आधी. बाह्य कारणाचा कोड पहिल्या जागी कधीच येत नाही. घटनास्थळाचा वाय९२ साधारणपणे पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच.

एमआरडी_विदर्भ
भारतातल्या हॉस्पिटलच्या एमआरडीत (मेडिकल रेकॉर्ड विभागात) असणाऱ्यांसाठी जोडतो, कारण आपण डब्ल्यूएचओची आयसीडी-१० वापरतो आणि तिथे रचना वेगळी आहे. कोड दोन लागतात. ऑर्गनोफॉस्फेट कीटकनाशकाच्या, म्हणजे ओपी पॉयझनिंगला टी६०.०, आणि सोबत बाह्य कारण: अपघाती एक्स४८, स्वतःहून एक्स६८, अनिश्चित वाय१८. चौथा आकडा जागेचा: घर ०, शेत ७. फवारणी करताना शेतात बाधा झाली तर एक्स४८.७. कोणतं रसायन ते कळलंच नाही तर टी६५.९ आणि एक्स४९, एक्स६९ किंवा वाय१९.

आपल्याकडची खरी अडचण कॅज्युअल्टी पेपरवरचं 'ए/एच/ओ', म्हणजे अलेज्ड हिस्टरी ऑफ. डॉक्टर तिथे नातेवाइकांचं म्हणणं टिपतात. हेतू अनिश्चित असल्याचा तो निर्वाळा नाही. एमएलसीचा (मेडिको-लीगल केसचा) शिक्का पाहून वाय१८ टाकणंही चूक, कारण विषबाधेची केस हेतू काहीही असला तरी एमएलसी होते. वाय१०–वाय३४ हा गट अपघात, स्वतःला इजा की हल्ला हे ठरवायला वैद्यकीय किंवा कायदेशीर अधिकाऱ्याकडे माहिती अपुरी असते तेव्हासाठी आहे. डिस्चार्ज कार्ड टाइप होण्याआधीच युनिटच्या रेसिडेंटकडून हेतूची एक ओळ लिहून घ्या. पेशंट घरी गेल्यावर ती ओळ मिळत नाही.

ऑडिटडेस्क
दोन्हीकडची कामं करणाऱ्यांनी एक ध्यानात ठेवा: वाय१० ते वाय२० हे कोड सीएममध्ये नाहीतच, तिथे अनिश्चित हेतूचा गट वाय२१ पासून सुरू होतो. ओपी पॉयझनिंगला सीएममध्ये टी६०.०एक्स१ए किंवा टी६०.०एक्स४ए असा एकच कोड, सोबत वाय१८ टाकला तर एन्कोडर (कोडिंगचं सॉफ्टवेअर) परत करेल.